आत्याच्या खाचराचा भाव

आमच्या घरात दिवस उजाडे तो मुसळाच्या आवाजाने. पडवीच्या कोपऱ्यात जमिनीत पुरलेले दगडी उखळ होते आणि तेथे भिमाआत्या भात सडत असे. माझ्या वडिलांची ही धाकटी बहीण. तिला पोशीरला दिली होती. लग्नाला सहा वर्षे झाली आणि नवरा हिवतापाने गेला. मूल नव्हते. वर्षश्राद्ध उरकताच दीर तिला बैलगाडीतून आमच्या दारात आणून सोडून गेला आणि पाणीही न पिता परत फिरला. तिच्यापाशी एक गाठोडे होते. त्यात दोन लुगडी आणि हातात घालायचे चांदीचे गोठ. मी तेव्हा नऊ-दहा वर्षांचा असेन. दुसऱ्या दिवशी पहाटे मुसळाचा आवाज कानावर आला, तो पुढे मी घर सोडीपर्यंत थांबला नाही. आईचे सडणे मंद असे, मधून मधून थांबणारे. आत्याचे घाव एका अंतराने पडत, आणि प्रत्येक घावाबरोबर तिच्या तोंडून 'हं' असा श्वास निघे. त्या आवाजावर मी पाढे म्हटले आहेत. आता घरोघरी गिरणीचा तांदूळ येतो. तो पांढरा असतो, इतकेच त्याच्याबद्दल सांगता येईल.

घर कारवीच्या कुडाचे, वर कौले, पुढे ओटा, मागे गोठा. लोधिवलीपासून पाऊण कोसावर, मुंबई-पुणे सडकेच्या कडेला आमचे गाव होते. शंभराच्या आत उंबरे असतील. जेवण साधे. तांदळाची भाकरी, नागलीची भाकरी, सुकट, आणि भात निघाल्यावर त्याच खाचरात ओलीवर पेरलेले वाल. वालाचे बिरडे आत्या करी तसे पुढे मला कोठे मिळाले नाही. वाल भिजवून, मोड आणून, एकेक सोलायचे, हे काम आम्हा सगळ्यांचे. संध्याकाळी ओट्यावर बसून बाबा, आई, आत्या आणि मी सोलत असू. बाबा फारसे बोलत नसत. आत्या बोले. गावातल्या प्रत्येकाची चाल आणि आवाज तिला काढता येई. शेजारच्या धोंडूकाकांची ती इतकी हुबेहूब नक्कल करी, की एकदा खुद्द काकाच मागे येऊन उभे राहिले आणि म्हणाले, "भिमे, आता माजं बोलनं तूच बोलत जा. माजा घसा वाचंल." धोंडूकाका जिभेने तिखट होते, पण आमच्याशी त्यांचा घरोबा होता. थंडीत शेंगा भरल्या की त्यांच्या आणि आमच्या शेताच्या बांधावर पोपटी लागे. मडक्यात वालाच्या शेंगा, मीठ, भांबुर्ड्याचा पाला, वरून गवत आणि जाळ. तो वास अजून नाकात आहे. माझी नातवंडे हल्ली विकतची पोपटी खातात. पैसे देऊन बांधावर बसतात, असे ऐकतो.

आत्याला गावात कोणी बोल लावीत नव्हते. पाट लावून देण्याचे, म्हणजे पुनर्विवाहाचे, एक-दोन निरोप आले. तिने नको म्हटले, विषय संपला. पण तिच्या मनात काही होते, ते एका संध्याकाळी वाल सोलताना बाहेर आले.

"दादा, मला एक खाचर इकत दे," ती बाबांना म्हणाली.

बाबांनी हातातला वाल टोपलीत टाकला. "इकत कशाला? सगळं तुजंच हाय."

"तोंडानं माजं हाय. कागदावर नाय. उद्या तू नसलास तर ह्या सदूच्या बायकोला इचारून घास खायाचा का मी?"

मी लाजलो. आई हसली. बाबा हसले नाहीत. "बक्षीसपत्र करून देतो," ते म्हणाले.

"बक्षीस नको. पोशीरवाल्यांनी मला सोडली तवा काय म्हनाले, ठावं हाय ना? भावाच्या ताटातलं खाईल, म्हनाले. बक्षीस घेतलं तर त्यांचं खरं झालं. इकत दे. मी पैसं देते."

चार दिवसांनी ती चौकच्या सोनाराकडे गेली आणि गोठ मोडून आली. चाळीस रुपये आले. ते तिने सुपात ठेवून बाबांपुढे सरकवले. सडकेच्या खालच्या अंगाला आमचे वीस गुंठ्यांचे एक खाचर होते. काळी माती, ओढ्याची ओल, गावातल्या उत्तम खाचरांपैकी एक. बाबांनी रुपये उचलून कनवटीला लावले आणि म्हणाले, "वड्याकडचं तुला इकलं." त्या खाचराची खरी किंमत काय, हे त्या ओट्यावर बसलेल्या प्रत्येकाला ठाऊक होते.

खरेदीखत मी लिहिले. या गोष्टीसाठीच हे प्रकरण मी लिहीत आहे. मी नुकताच फायनल, म्हणजे मराठी सातवी, पास झालो होतो. माझे वळणदार अक्षर पाहून गुरुजींनी मला दस्तऐवजांच्या नमुन्यांचे एक छापील पुस्तक वापरायला दिले होते. मला त्या पुस्तकातली भाषा फार आवडे. 'कारणे लिहून दिले ऐसे जे' असे लिहिताना मला आपण कोणीतरी झालो असे वाटे. बाबांनी सांगितले होते, एवढेच लिही की जमीन विकली, पैसे मिळाले. मी नमुना पुढे ठेवून दोन पाने लिहिली. त्यात नमुन्याबरहुकूम एक वाक्य घातले, की सदर जमीन चालू बाजारभावाप्रमाणे पुरेपूर किमतीस विकली असून किमतीबाबत काही एक तक्रार राहिली नाही. वाक्य डौलदार होते. ते खरे आहे की नाही, हा विचार माझ्या मनाला शिवला नाही. मी मोठ्याने वाचून दाखवले. बाबांनी मान हलवली. आत्या म्हणाली, "लय झ्याक वाचलंस रं." शंभर रुपयांच्या आतला व्यवहार नोंदवलाच पाहिजे अशी सक्ती कायद्यात नव्हती. पण आत्याने हट्ट धरला, की सरकारी शिक्का पाहिजे. म्हणून आम्ही खालापूरला जाऊन तो दस्त नोंदवला.

त्यानंतरची तीन वर्षे आमच्या घरातली सर्वांत सुखाची होती, असे आज मागे पाहताना वाटते. आत्या खाचराला रोज एकदा जाऊन येई, काम असो वा नसो. पेरणीआधी पाला-फांद्या जाळून राब भाजण्यापासून लावणीपर्यंत सगळे ती पुढे होऊन करी. पहिले पीक आले तेव्हा तिने सबंध गावात घरटी एक ओंजळ नवा तांदूळ वाटला आणि प्रत्येक दारात सांगितले, "माज्या खाचरातला हाय." धोंडूकाका म्हणाले, "वास येतोय. मालकिनीचा." त्यावर ती आठ दिवस खूश होती, आणि पुढे दर वर्षी तांदूळ वाटू लागली. शेंगा निघाल्या की पोपटी आता तिच्या बांधावर लागे आणि मडके उघडायचा मान ती कोणाला देत नसे. बाबा लांब बसून पाहत. माझ्या वडिलांना मी त्यांच्या आयुष्यात समाधानाने बसलेले पाहिले, ते त्या बांधावर.

मग सडकेवर मोटारी वाढल्या. आमच्या गावापाशी सडक ओढ्याच्या कडेने मोठे वळण घेई, तेथे दोनदा मोटारी कलंडल्या. सरकारने ते वळण काढून सडक सरळ करायचे ठरवले. भात पोटरीला आले असताना मोजणीची साखळी घेऊन माणसे आली आणि चुन्याने पांढरे केलेले खुंट खाचरांतून ठोकत गेली. अकरा घरांची जमीन त्या खुंटांत सापडली. आमची थोडी, धोंडूकाकांची जवळजवळ सगळी, आणि आत्याचे वीसच्या वीस गुंठे. सडक होणार याबद्दल कोणी काही बोलले नाही. सरकार सडक करणार म्हणजे करणार. बोलणे होते ते भावाचे. सरकार बाजारभाव देते आणि सक्तीने घेतल्याबद्दल वर शेकडा पंधरा देते, एवढे पाटलांना माहीत होते. गुंठ्याला नऊ-दहा रुपये पडतील, असा सगळ्यांचा हिशेब. धोंडूकाकांनी त्या पैशात डोंगराच्या बाजूला दुसरी जमीन घ्यायची ठरवून बोलणीही सुरू केली होती.

दसरा झाल्यावर खालापूरच्या कचेरीतला कारकून नोटिसा घेऊन आला. देवळापुढे सगळे जमले. त्याने वाचून दाखवले, की गुंठ्याला दोन रुपये भाव धरण्याचे योजले आहे. हरकत असल्यास खालापूर मुक्कामी प्रांतसाहेबांपुढे अमुक दिवशी हजर राहावे. क्षणभर कोणाला समजलेच नाही. पाटलांनी विचारले, "दोन कशावरनं काढलं, रावसाहेब?"

कारकुनाने कागद चाळले. "याच गावातल्या खरेदीखतावरून. तीन वर्षांपूर्वीचे आहे. वीस गुंठे, चाळीस रुपये. चालू बाजारभावाप्रमाणे पुरेपूर किंमत, असे स्पष्ट लिहिले आहे. आणखी एखादी विक्री असेल तर दाखवा."

आणखी विक्री नव्हती. आमच्या गावात जमीन कोणी विकीत नसे. गहाण पडे, वाटणी होई, खंडाने जाई. विकणे म्हणजे घर बुडाले असे लोक समजत. सरकारी दप्तरात आमच्या गावच्या जमिनीची किंमत सांगणारा कागद तेवढा एकच होता, आणि तो माझ्या हातचा होता. सगळ्यांच्या माना माझ्याकडे वळल्या. धोंडूकाका अगदी हळू म्हणाले, "बाजारभाव तू ठरवलास व्हय रं सदू? आमाला ठावं नव्हतं, तुजा बाजार कुठं भरतो ते."

हरकत नोंदवायची तर एकच मार्ग होता. बाबांनी प्रांतसाहेबांपुढे सांगायचे, की ती खरी विक्री नव्हती. बहिणीला जमीन दिली, पैसे नावापुरते घेतले. पाटील आणि धोंडूकाका आमच्या ओट्यावर आले. आत्या त्या वेळी ओढ्यावर धुणे घेऊन गेली होती. बाबांनी त्यांचे सगळे ऐकून घेतले आणि म्हणाले, "मी इकली. पैसं घेतलं."

"अरे पन चाळीस रुपयात?" पाटील म्हणाले.

"माजी जमीन. कितीला इकायची ते माजं मी बघीन."

"तुजी जमीन तू फुकट दे रं," धोंडूकाका म्हणाले, "माजी कशाला देतोस?"

ते दोघे उठून गेले. नंतर मी बाबांना म्हणालो, की ते वाक्य माझे आहे, मी कचेरीत जाऊन सांगतो. बाबांनी माझ्याकडे पाहिले. ते मला आवाज चढवून कधी बोलले नाहीत, तेव्हाही नाही. "वाक्य तुजं असंल," ते म्हणाले, "अंगठा माजा हाय. सबंध गावाफुडं तिला मी भावाच्या तुकड्यावर जगनारी म्हनू? तू पन म्हनायचं नाय. आनि तिला हे कळता कामा नये."

गावाने आम्हाला वाळीत वगैरे टाकले नाही. फक्त सावडीला कोणी आले नाही. आमच्याकडे भात झोडायचे ते सावडीने. आज यांच्या खळ्यावर सगळे, उद्या त्यांच्या. त्या वर्षी आमची पाळी आली त्या सकाळी खळे सारवून तयार होते, भारे रचलेले होते, आईने वीस माणसांची भाकर टाकली होती. उन्हे वर आली तरी कोणी फिरकले नाही. पलीकडून धोंडूकाकांच्या खळ्यावर झोडणीचा आवाज येत होता. त्यांची पाळी दोन दिवसांनी होती. बाबांनी एकट्याने भारा उचलला आणि झोडायला सुरुवात केली. मी दुसरा घेतला. एका माणसाच्या झोडणीला आवाज असतो, पण ठेका नसतो. आत्या डोक्यावर पाण्याची कळशी घेऊन खळ्यावर आली आणि उभी राहिली. तिने आमच्याकडे पाहिले, धोंडूकाकांच्या खळ्याकडे पाहिले, टोपलीतल्या भाकऱ्यांकडे पाहिले.

दुपारी बाबा बैल सोडायला गेले तेव्हा तिने मला गाठले. "सदू, काय झालंय?"

"काही नाही."

"पानवट्यावर बाया मला बघून गप होतात. आज खळं रिकामं. माज्या खाचराचं काय हाय का?"

बाबांनी बजावले होते. मी वडिलांचा शब्द त्यापूर्वी मोडला नव्हता. त्या दिवशी मोडला. मी तिला सगळे सांगितले. भाव, कारकून, माझे वाक्य, बाबांचे उत्तर. ती खळ्याच्या कडेला बसली. वाटले रडेल. ती रडली नाही.

"दादाला वाटतं, मला काय कळत नाय," ती म्हणाली. "आरं, खाचर कितीचं, मला ठावं नव्हतं व्हय? चाळीसात त्याचा बांध पन आला नसता. त्यानं घेतल्यासारखं केलं, मी दिल्यासारखं केलं. चांगलं चाललं व्हतं." मग पदर झटकून म्हणाली, "कचेरी कधी हाय?"

मी दिवस सांगितला.

"दादाला बोलू नको."

ठरल्या दिवशी अकरा घरांचे लोक चालत खालापूरला गेले. बाबा आणि मी वेगळे, मागून. कचेरीच्या ओसरीत गर्दी होती. प्रांतसाहेब देशावरचे गृहस्थ होते. कृश, चष्मा लावणारे, बोलणे मोजके. त्यांनी खरेदीखत वर काढले आणि बाबांना पुढे बोलावले. जमीन आपण विकली काय? विकली. किंमत चाळीस घेतली काय? घेतली. दस्तात लिहिले आहे की हा बाजारभाव आहे. ते बरोबर काय? माझ्या मागे धोंडूकाकांचा श्वास मला ऐकू येत होता. बाबा म्हणाले, "कागदावर हाय ते हाय."

साहेबांनी लेखणी उचलली. तेवढ्यात ओसरीच्या पायरीवरून आवाज आला, "सायब, माजं बी ल्ह्या."

आत्या आमच्या मागून एकटी चालत आली होती. पाय धुळीने भरलेले, डोक्यावरून पदर घट्ट ओढलेला. त्या काळी बायका कचेरीत बोलत नसत. शिपाई पुढे झाला, साहेबांनी त्याला हाताने थांबवले आणि विचारले, "आपण कोण?"

"खाचर घेनारी. ह्यांची बहीन."

बाबा वळले. "भिमे, घरी जा."

"जाते. बोलून जाते." ती साहेबांकडे तोंड करून उभी राहिली. "भाऊ खोटं बोलला नाय. त्यानं चाळीस घेतलं, मी चाळीस दिलं. पन खाचर चाळीसाचं नाय. माज्यापाशी तेवढंच व्हतं. बाकीचं त्यानं सोडलं. मला सासरी ठेवलं नाय, भावानं ठेवलं. मी भावाचं खाल्लं, आनि इकत घेऊन खाल्लं असं गावाला सांगत हिंडले. ते चाळीस जमिनीचं नव्हतं, सायब. माज्या लाजेचं व्हतं. त्याच्यावर ह्या लोकांच्या जमिनीचा भाव नका करू."

बाबा जमिनीकडे पाहत होते.

साहेबांनी चष्मा काढून पुसला. मग त्यांनी तिला जे विचारले, ते मी पुढे महसूल खात्यात तीस वर्षे काढली तेव्हा मला अनेकदा आठवले. त्यांनी विचारले, "त्या खाचरात पिकते किती?"

"भात धा मन. बरं वरीस असलं तर अकरा. त्याच्यावर वाल, बावीस पायल्या."

"वाल? पीकपत्रकात वालाची नोंद नाही."

"पत्रक करायला येतो तो भातात येतो, सायब. वालात कुनी येत नाय."

"हे तुम्हाला इतके नेमके कसे ठाऊक?"

"सडते मी," आत्या म्हणाली.

साहेबांनी ते लिहून घेतले. मग एकेकाला बोलावून पीक विचारले, खंड विचारला, वाल विचारले. माणसे मन मोकळे करून बोलू लागली. शेवटी त्यांनी खरेदीखत पुन्हा हातात घेतले आणि बाजारभावाचे वाक्य कोणाचे, असे विचारले. मी पुढे झालो. कोठून घेतले, असे विचारले. नमुन्याच्या पुस्तकातून, मी म्हणालो. "अक्षर चांगले आहे," ते म्हणाले. "लिहाल ते आधी समजून घेत जा." विक्रेता आणि खरेदीदार बहीण-भाऊ असल्याने हा दस्त भावाचा पुरावा धरता येत नाही, असा शेरा त्यांनी मारला. नोकरीत असताना कोणी असा कागद पुढे ठेवला, की मी प्रथम एकच प्रश्न विचारी, घेणारा देणाऱ्याचा कोण. त्याबद्दल मला हेकट म्हणत. आणखी एक नोंद करून ठेवतो. खुंटांच्या आत वाडीवरच्या ठाकर लोकांच्या तीन झोपड्या होत्या, आणि राबासाठी ते तोडीत ती झाडे. त्यांच्यापाशी कोणताच कागद नव्हता, चुकीचाही नाही. त्यांना काही मिळाले नाही, आणि आमच्यापैकी कोणी त्यांच्यासाठी तोंड उघडले नाही. मीही नाही.

परतीच्या वाटेवर बाबा पुढे, मी मध्ये, आत्या मागे. घरी आल्यावर बाबांनी हातपाय धुतले, जेवले, आणि खळ्यावर निघून गेले. दुसऱ्या दिवशी उजाडता उजाडता धोंडूकाका वीस माणसे घेऊन आमच्या खळ्यावर आले. "त्या दिशीची भाकर शिळी झाली असंल," ते म्हणाले, "पन आमाला चालंल." झोडणीचा ठेका परत लागला. बायका आत्याशी नेहमीपेक्षा जास्त गोड बोलत होत्या, आणि तेच तिला सोसत नव्हते, हे मला दिसत होते. ती कोणाची नक्कल करीना. तांदूळ वाटायला ती त्या वर्षी गेली नाही. बाबा आणि ती एकमेकांशी जेवढ्यास तेवढे बोलत. त्यांच्या दोघांत एक झाकलेली वस्तू होती, ती उघड्यावर आली होती, आणि आता तिच्याकडे न पाहता वावरणे दोघांना जमत नव्हते.

होळीच्या आधी निवाडा आला. गुंठ्याला नऊ रुपये, वर शेकडा पंधरा. धोंडूकाकांना डोंगराकडची जमीन घेता आली. आत्याला दोनशे सात रुपये मिळाले. ते तिने खालापूरहून पदरात बांधून आणले आणि संध्याकाळी, बाबा ओट्यावर बसले असता, त्यांच्यापुढे ठेवले. बाबांना वाटले, ती आपले सोडलेले परत करते आहे. त्यांचा चेहरा बदलला. "उचल ते," ते म्हणाले.

"परत देत नाय," आत्या म्हणाली. "माजी जमीन गेली. मला जमीन पायजे. आंब्याखालचं खाचर दे."

"घे. कुनी नको म्हटलंय?"

"नवानं दे."

बाबा म्हणाले, "चार घेतो."

"नऊ. सरकारनं नऊ केला, तू कोन चार करनार? दोनशे सातात तेवीस गुंठं बसतात. सदूनं हिशेब केलाय."

"आंब्याखालच्याला वड्याकडची सर नाय. नऊ त्याला जास्त होतात."

"मग होऊ दे. जास्त देऊन घेतलं म्हनून सांगीन."

आई आत वळून हसू लपवीत होती. बाबांनी सहा म्हटले, सात म्हटले. मी त्यांना इतके बोलताना कधी पाहिले नव्हते. आत्या नवावरून हलली नाही. शेवटी बाबांनी ते रुपये हातात घेतले, आणि या वेळी ते कनवटीला न लावता ओट्यावर मांडून एकेक मोजू लागले. दोनशे सात होईपर्यंत मोजले. आत्या समोर बसून त्यांच्या हाताकडे पाहत होती. मोजून झाल्यावर बाबा म्हणाले, "पुरे हायत." तिने मान हलवली आणि वाल सोलायची टोपली जवळ ओढली.

खरेदीखत करायला आम्ही तिघे बैलगाडीने खालापूरला गेलो. मी घरून कागद आणि लेखणी घेतली होती. कचेरीपुढच्या वडाखाली सनदी लेखक बसत. आत्या थेट त्यांच्यातल्या एकापुढे जाऊन बसली, कमरेचे आठ आणे काढून त्याच्या पुढ्यात ठेवले आणि बाबांना म्हणाली, "दादा, ये. सांग ह्यांना." माझ्याकडे तिने पाहिले नाही. मी लेखणी खिशात ठेवली आणि पारावर जाऊन बसलो. लेखकाचे अक्षर गिचमिड होते. त्याने अर्ध्या पानात दस्त उरकला. आत्याने तो त्याच्याकडून दोनदा वाचून घेतला, अंगठा उठवला, बाबांनी उठवला. मग दोघे माझ्याकडे आले. तिच्या अंगठ्याला शाई होती. ती तिने पारावरच्या मातीला पुसली आणि म्हणाली, "चल रं. बैलं पान्याविना उभी हायत."

मी उठून बैल सोडले.